48 सेकंदांचे आभार: एका टीव्ही मेकॅनिक काकांना अनावृत पत्र

ठाणे (पश्चिम)

आदरणीय काका,

सप्रेम नमस्कार.

हे पत्र खरे तर दुकानात येऊन आपल्या हातात द्यायला हवे होते. परंतु समोर आभाराचा शब्द काढला की आपण लगेच दुसऱ्या गिऱ्हाइकाच्या सेटचे मागचे झाकण उघडायला घेता, हा अनुभव दोनदा आल्यामुळे ते असे चारचौघांत लिहीत आहे. आपले वा दुकानाचे नाव कुठेही येऊ नये ही आपली अट मी पाळली आहे. जांभळी नाक्याच्या आसपास एवढाच पत्ता मी देतो.

आपण दुरुस्त केलेली वस्तू कोणती, हे आजही मला नेमके सांगता येत नाही. माझ्या हातातले यंत्र बिघडलेले नव्हते. बिघडले होते ते मीच, अशी माझी समजूत झाली होती.

गेल्या श्रावणात मी हातात मावणारे एक खेळयंत्र घेतले, हे आपण पाहिलेच आहे. साडेतीन इंची पडदा, 640 बाय 480 ठिपके, आणि आत एम्युलेटर, म्हणजे जुन्या कन्सोलचे, टीव्हीला जोडायच्या खेळयंत्रांचे, वागणे हुबेहूब उभे करणारी प्रणाली. ठाण्याहून तुर्भ्याला ट्रान्स हार्बर लोकलने जाताना गाडी सुरुवातीच्याच स्थानकातून सुटत असल्यामुळे बसायला जागा मिळते, आणि त्या वेळात लहानपणचे खेळ पुन्हा खेळावेत एवढाच माझा हेतू होता. त्या काळी खेळ मध्येच सोडला की सगळे पुन्हा पहिल्यापासून सुरू करावे लागे. आता घणसोली आले काय किंवा शेजारच्याने हाक मारली काय, खेळ त्याच क्षणी गोठवून ठेवता येतो आणि संध्याकाळी परतीच्या गाडीत तिथूनच पुढे नेता येतो. ही सोय आम्हाला तेव्हा मिळाली असती तर आईची निम्मी बोलणी वाचली असती.

परंतु पहिल्याच आठवड्यात माझ्या लक्षात आले की मला काहीही जमत नाही. मारिओ खड्ड्यात पडायचा, कारण माझी उडी दरवेळी किंचित उशिरा व्हायची. 'कॉन्ट्रा' या गोळीबाराच्या खेळात पहिल्या धबधब्यापर्यंत पोहोचता पोहोचता सगळे प्राण संपायचे. शेवटी मी ठराविक क्रमाने बटणे दाबली की 30 प्राण देणारा तो प्रसिद्ध संकेत वापरू लागलो आणि वर स्वतःची समजूत घातली की खेळ बनवणाऱ्या कोनामी कंपनीच्या ज्या काझुहिसा हाशिमोतो यांनी तो तयार केला, त्यांनाही 'ग्रेडियस' हा खेळ तपासताना तो खेळ पार करणे जमेना म्हणूनच तर त्यांनी तो घातला होता. तरीही मनात खुटखुट राहिलीच, कारण हाशिमोतोंना जमत नव्हते, पण मला तर पूर्वी जमत होते. ज्यांच्याजवळ बोललो त्या सर्वांनी एकच उत्तर दिले, की वय झाले. कार्यालयातील एका सहकाऱ्याने तर लहानपणीचे सगळेच आपल्याला सोपे वाटते, असे मानसशास्त्रही ऐकवले. मला ते पटू लागले होते, हे कबूल करतो.

आपल्या दुकानात मी आलो होतो तो आईचा रेडिओ घेऊन. आपण त्याचा आवाजाचा खटका साफ करत होता, मी बाकावर बसून खेळत होतो, आणि मारिओच्या पहिल्या टप्प्याचे संगीत ऐकून आपण मान वर न करता म्हणालात, ''हे घाईत वाजतंय.'' आपण हा खेळ आयुष्यात कधी खेळला नाहीत. मात्र 90 च्या दशकात असे टीव्ही गेम जोडून द्यायला आणि त्यांचे अ‍ॅडाप्टर दुरुस्त करायला आपण ठाण्यातील कितीतरी घरी गेला होता आणि ती धून आपल्या कानात बसली होती. मी आपल्याला वयाची गोष्ट सांगितली. त्यावर हसण्याऐवजी आपण पुढचा प्रश्न विचारलात, की तुमच्या घरचा टीव्ही गेमचा डबा अजून आहे का.

तो माळ्यावर होता. जपानमध्ये 1983 साली निन्टेन्डोने काढलेल्या फॅमिकॉम या कन्सोलची ती नक्कल; सोबत पिवळ्या कॅसेट, दोन जॉयस्टिक आणि एक बंदूक. (त्या कॅसेटही मूळ कंपनीच्या नव्हत्या, हे सांगायला आज संकोच वाटतो, पण आमच्या गल्लीत मूळ कॅसेट कशी दिसते हेच कुणाला ठाऊक नव्हते.) आपण डबा उघडलात, मल्टिमीटर लावलात, 5 व्होल्ट देणारा 7805 रेग्युलेटर गेलेला आणि एक कपॅसिटर फुगलेला असल्याचे दाखवलेत, दोन्ही बदललेत आणि आमचा अ‍ॅडाप्टर मेलेला असल्यामुळे स्वतःचा 9 व्होल्टचा अ‍ॅडाप्टर जोडलात. मग कोपऱ्यातला 14 इंची पिक्चर ट्यूबचा सेट सुरू केलात. मी सवयीने कॅसेटमध्ये फुंकर मारली, तेव्हा आपण ती माझ्या हातातून काढून घेतलीत आणि थुंकीच्या ओलाव्याने पिना गंजतात असे सांगून त्या स्पिरिटने पुसून दिल्यात. इतक्या वर्षांचे आमचे शास्त्र असे एका वाक्यात निकालात निघाले.

त्यानंतर आपण जे केलेत, त्यासाठीच मुख्यतः हे पत्र आहे. मारिओच्या पहिल्या टप्प्यात वरच्या कोपऱ्यात वेळेचा आकडा 400 पासून उतरत जातो. आपण मनगटावरचे घड्याळ काढून टेबलावर ठेवलेत आणि 400 चा 300 व्हायला किती वेळ लागतो तो मोजायला मला सांगितलेत. हातातल्या यंत्रावर 40 सेकंद लागले. जुन्या डब्यावर 48. आपण दोन्ही पुन्हा मोजायला लावलेत, आणि पुन्हा तेच आकडे आले. मग रेडिओच्या खोक्यावर पेन्सिलीने 40, 48, 50, 60 असे चार आकडे लिहून आपण एवढेच म्हणालात, की पहिल्या दोघांत पाचास सहा आहे आणि दुसऱ्या दोघांतही तेच आहे.

पन्नास आणि साठ यांचा अर्थ मला आपणच समजावून दिलात. आपल्या देशात 1982 मध्ये रंगीत दूरदर्शन आले ते पाल पद्धतीने, 625 ओळींचे आणि सेकंदाला 50 वेळा पडदा रेखाटणारे. जपान आणि अमेरिकेत एनटीएससी पद्धत, 525 ओळी आणि सेकंदाला जवळपास 60 वेळा. परदेशातून कुणी व्हिडिओ कॅसेट आणली की इथल्या सेटवर चित्र काळेपांढरे व्हायचे किंवा वर वर सरकत राहायचे, ही कटकट आपण वर्षानुवर्षे निस्तरलेली असल्यामुळे हा फरक आपल्याला पाठ होता. हे जुने खेळ घड्याळावर चालत नाहीत. पडदा एकदा रेखाटला की खेळ एक पाऊल पुढे जातो. अशा एका रेखाटणीला फ्रेम म्हणतात, आणि मारिओचा तो आकडा दर 24 फ्रेमनी एकाने उतरतो, हे मी नंतर वाचले. म्हणजे शंभर आकड्यांना 2400 फ्रेम, साठाच्या हिशेबाने 40 सेकंद आणि पन्नासाच्या हिशेबाने 48. जपानी मुले जो खेळ 60 च्या गतीने खेळत होती, तोच आम्ही ठाण्यात 50 च्या गतीने खेळत मोठे झालो होतो. माझी बोटे म्हातारी झालेली नव्हती. ती अजूनही पन्नासावरच ठरलेल्या वेळी उडी मारत होती.

आता हे कळल्यावर एम्युलेटरच्या यादीत जाऊन 'पाल' निवडणे सोपे होते, आणि मी ते तिथेच केले. आकडा बरोबर 48 सेकंदांत उतरला. मी यंत्र खिशात घालून निघणार, तेवढ्यात आपण मला थांबवलेत. ''लय उतरली ते ठीक, पण सूर का उतरला?'' हा आपला प्रश्न मी जन्मात विसरणार नाही. आपण भजनी मंडळात पेटी वाजवता, हे मला तोवर माहीत नव्हते. डब्यावरचे संगीत आणि यंत्रावरचे संगीत पाठोपाठ लावून आपण दाखवलेत, की यंत्रावरचा सूर अर्ध्या स्वरापेक्षाही थोडा जास्तच खाली गेला होता. डब्यावर मात्र सूर जिथल्या तिथे होता आणि फक्त चाल संथ होती.

त्या रात्री मी जे शोधले ते आपल्याला दुसऱ्या दिवशी सांगितलेच, परंतु इतर वाचकांसाठी थोडक्यात लिहितो. निन्टेन्डोने युरोपसाठी जे पाल यंत्र काढले, त्यात मुख्य चिपचा वेगही कमी केला होता: सेकंदाला सुमारे 17.9 लाख ठोक्यांऐवजी 16.6 लाख. सूर त्याच चिपमधून निघत असल्यामुळे लयीबरोबर सूरही उतरतो. आमच्यासारख्या नकली डब्यांच्या कारागिरांनी वेगळी युक्ती केली. त्यांनी पडदा 50 च्या गतीने रेखाटला, पण चिपचा वेग 17.7 लाखांवर, म्हणजे जपानी यंत्राच्या अगदी जवळ ठेवला. सूर तोच, लय विलंबित. एम्युलेटरमध्ये या तिसऱ्या प्रकारासाठी वेगळा पर्याय असतो आणि त्याला 'डेंडी' हे नाव आहे, जे 1992 पासून रशियात विकल्या गेलेल्या अशाच एका नकली कन्सोलचे आहे. तो पर्याय यादीत माझ्या डोळ्यांसमोर होता. त्याचा आमच्या डब्याशी काही संबंध असेल असे मला वाटले नव्हते. तो निवडल्यावर आपण डोळे मिटून पूर्ण धून ऐकलीत आणि मान डोलावलीत. मला एखाद्या परीक्षेत उत्तीर्ण झाल्यासारखे वाटले.

एका बाबतीत आपले आणि माझे जमले नाही. जुन्या खेळाचे चित्र 256 बाय 240 ठिपक्यांचे असते. 240 च्या दुप्पट 480, म्हणजे उंची माझ्या पडद्यावर चपखल बसते. परंतु रुंदी पूर्ण भरायची तर 256 ची अडीचपट करावी लागते, आणि अर्धा ठिपका दाखवता येत नसल्यामुळे काही उभ्या ओळी जाड व काही बारीक होऊन मारिओ धावताना विटा थरथरतात. म्हणून मी दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या सोडून दुप्पटच ठेवतो. आपले म्हणणे असे, की टीव्हीवर चित्र कडेपर्यंत भरलेले असायचे आणि अशा चिंचोळ्या चित्रात मारिओ उपाशी दिसतो. तो उपाशी दिसतो हे मान्य. विटांचे थरथरणे मात्र मला सहन होत नाही.

बंदुकीविषयीही आपले ऋण मानायला हवे, जरी तिचा लोकलमध्ये काही उपयोग नाही. बदके टिपण्याच्या खेळात घोडा दाबला की पडदा क्षणभर काळा होतो, मग बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो आणि बंदुकीतला प्रकाशग्राहक तो दिसला का ते तपासतो; हा सगळा मेळ पिक्चर ट्यूबच्या रेखाटण्याशी जुळलेला असल्यामुळे आताच्या सपाट पडद्यांवर ती आंधळी ठरते, हे आपण सांगितलेत. आपल्या त्या 14 इंची सेटवर तिने पहिल्याच गोळीत बदक पाडले. दुकानात आलेले दोघे गिऱ्हाईक आपले काम विसरून रांगेत उभे राहिले, आणि आपण त्यांना रागावला नाहीत.

भाऊबिजेला बहीण खारघरहून आली, तेव्हा मी आपल्याच पद्धतीने एक परीक्षा घेतली. लहानपणी दुसरी जॉयस्टिक तिचीच असे. तिला काहीही न सांगता खेळ तीनदा लावला: एकदा साठाच्या गतीने, एकदा पालवर आणि एकदा डेंडीवर. पहिल्याला ती म्हणाली, की याला कुणीतरी चावी जास्त दिली आहे. दुसऱ्याला नाक मुरडून म्हणाली, की बॅटरी उतरली वाटते. तिसऱ्या वेळी ती काहीच बोलली नाही. यंत्र माझ्या हातातून घेतले आणि पहिल्या टप्प्यातला गुप्त नळ कुठे आहे ते न विचारता थेट त्यात उतरली.

तिच्या दहा वर्षांच्या मुलाला मात्र डेंडी अजिबात आवडले नाही. खेळ मध्ये मध्ये अडकतो, अशी त्याची तक्रार आहे, आणि ती खरी आहे. माझ्या यंत्राचा पडदा सेकंदाला 60 वेळाच ताजा होतो; त्यात 50 फ्रेम बसवायच्या म्हणजे दर सेकंदाला दहा फ्रेम दोनदा दाखवाव्या लागतात, आणि चित्र सरकताना बारीकसा हिसका जाणवतो. हा हिसका आपणही पहिल्याच दिवशी पाहिला होता आणि ''हे माझ्या हातातलं काम नाही'' असे स्वच्छ सांगितले होते. आम्हा भावाबहिणीला तो दिसत नाही, भाच्याला मात्र त्याशिवाय दुसरे काही दिसत नाही. त्याच्यासाठी मी साठाची गती वेगळी साठवून ठेवली आहे, आणि त्या गतीवर तो मला सहज हरवतो.

आपण या सगळ्या कामाचे 60 रुपये घेतलेत, तेही रेग्युलेटर आणि कपॅसिटरचे. घड्याळ लावून बसलेल्या दोन दुपारींचे काहीच नाही. ते घ्यायला आपण तयार होणार नाही, म्हणून त्याबद्दल इथेच मनापासून आभार मानतो. आपला 9 व्होल्टचा अ‍ॅडाप्टर अजून माझ्याकडेच आहे. मी नवा मागवला आहे, तो आला की येत्या रविवारी आपला परत आणून देतो. भाचाही सोबत येईल; त्याला बंदूक चालवून पाहायची आहे. तेवढा 14 इंची सेट कृपया कुणाला विकू नये.

आपला नम्र,
आईचा रेडिओ घेऊन आलेला