बँडवाल्या नवऱ्याचे श्रेय

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला अमेरिकी टीव्हीच्या सुरुवातीच्या काळावरचा लेख आवडला. 'आय लव्ह लूसी' या विनोदी मालिकेबद्दल लिहिताना तिची नायिका ल्युसील बॉल हिला दोन स्तंभ आणि तिचा बँडवाला नवरा देसी अर्नाझ याला दोन ओळी मिळाल्या, त्याबद्दल तक्रार नाही. हसवायची तीच. पण त्या दोन ओळींत त्याला जे श्रेय दिले आहे ते पुरते त्याचे नाही, आणि जे त्याचे आहे ते राहूनच गेले.

तीन फिल्म कॅमेऱ्यांनी एकदम चित्रण करण्याची पद्धत अर्नाझने शोधली, असे लेखात म्हटले आहे. निर्माते जेरी फेअरबँक्स १९४०च्या दशकातच असे प्रयोग करत होते. 'ट्रुथ ऑर कॉन्सिक्वेन्सेस' या टीव्ही कार्यक्रमासाठी अल सायमननेही तेच केले होते, आणि अर्नाझने या सायमनलाच आपल्याकडे आणले. छायालेखनासाठी 'मेट्रोपोलिस' या गाजलेल्या मूकपटाच्या छायालेखकाला, कार्ल फ्रॉइंडला, गळ घातली. तीन कोनांतून एकाच वेळी चित्रण म्हणजे दर शॉटला दिवे हलवायची सोय नाही. फ्रॉइंडने बहुतेक दिवे वर टांगले आणि जमीन कॅमेऱ्यांना फिरायला मोकळी ठेवली. समोर बाकांवर खरेखुरे प्रेक्षक. चित्रणाआधी त्यांना खुलवायचे कामही अर्नाझच करी. लेखनाची बाजू जेस ऑपेनहायमर सांभाळत. योग्य माणसे हेरून त्यांची मोट बांधणे हेच निर्मात्याचे काम, आणि ते त्याने चोख केले.

पण त्याची खरी हुशारी दिसते ती करारात. क्युबातल्या १९३३च्या उठावानंतर परागंदा झालेल्या घरातला हा मुलगा. अशा उच्चारांचा माणूस प्रेक्षक लूसीचा नवरा म्हणून खपवून घेतील का, हीच सीबीएस या टीव्ही वाहिनीला मुळात शंका होती. शिवाय १९५१ साली सीबीएसला आणि प्रायोजक सिगारेट कंपनी फिलिप मॉरिसला कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट हवा होता, कारण बहुतेक टीव्ही संच पूर्वेकडे. हॉलीवूडहून पाठवायचा तर टीव्हीच्या पडद्यावरून उतरवलेली धुरकट फिल्म पाठवावी लागे. अर्नाझने ३५ मिलिमीटर फिल्मचा आग्रह धरला, म्हणजे सगळीकडे सारखेच स्वच्छ दिसेल. खर्च वाढला, तेव्हा दोघांनी मानधनात आठवड्याला १,००० डॉलरची कपात पत्करली आणि बदल्यात भागांची मालकी आपल्या 'देसिलू' कंपनीकडे ठेवून घेतली. दाखवून झालेल्या कार्यक्रमाला तेव्हा शिळ्या वर्तमानपत्राइतकीच किंमत होती (तुमच्याकडे हे लिहायला नको खरे तर!), त्यामुळे सीबीएसनेही फारशी खळखळ केली नसावी. पुढे ल्युसीलच्या बाळंतपणात जुने भाग पुन्हा लावावे लागले आणि लोकांनी ते आवडीने पाहिले.

गंमत म्हणजे हेच हक्क अर्नाझने पुढे सीबीएसलाच विकले. ४५ ते ५० लाख डॉलरच्या आसपास रक्कम मिळाली. सीबीएसने त्यावर पुढची कित्येक दशके कमावले, म्हणून पुष्कळजण त्याला नावे ठेवतात. मला तसे वाटत नाही. १९५७च्या अखेरीस त्याने आरकेओ या चित्रपट कंपनीचा स्टुडिओ साठ लाखांच्या पुढे मोजून घेतला. याच आरकेओच्या १९४०मधल्या चित्रपटाच्या वेळी दोघांची गाठ पडली होती. हातात रोकड नसती तर हा व्यवहार कसा झाला असता? 'द अनटचेबल्स' ही गुन्हेगारी मालिका १९५९मध्ये देसिलूनेच आणली.

नंतर दारू, १९६०मध्ये घटस्फोट, १९६२मध्ये आपला हिस्सा ल्युसीलला विकून बाहेर पडणे, हे सगळे लेखात आलेच आहे. त्यानंतरही त्याने 'द मदर्स-इन-लॉ' काढली. विहिणींच्या उखाळ्यापाखाळ्या तिथेही चालतात म्हणायच्या!

पुढच्या रविवारी 'स्टार ट्रेक'वर लेख येणार असे पुरवणीत छापले आहे. ती देसिलूचीच अंतराळमालिका १९६६ची, अर्नाझ बाहेर पडल्यानंतरची, म्हणजे तिला पाठिंबा देण्याचे श्रेय निर्विवादपणे ल्युसीलचे. पण जिथे त्या मालिकेचे सेट उभे राहिले ते आरकेओचे आवार अर्नाझने विकत घेतलेले होते, एवढे एक वाक्य जागा असल्यास घालावे, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक, नाशिक