‘रामशास्त्री’तली छोटी नायिका

संपादक महोदय,

‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या ‘रामशास्त्री’चा (१९४४) विषय निघाला की सगळ्यांना रामशास्त्रींच्या भूमिकेतले गजानन जागीरदार आठवतात. आमच्या घरी मात्र तो चित्रपट बेबी शकुंतलांचा. छोट्या रामची चिमुकली बायको, जोडीला छोटा राम झालेले अनंत मराठे, आणि ‘दोन घडीचा डाव’! आई ते गाणं भांडी घासताना म्हणायची, तेही बेसूर.

शकुंतलाबाई पुढे हिंदीत गेल्या, ‘फरेब’मध्ये (१९५३) किशोरकुमारच्या नायिका झाल्या. आणि ऐन भरात, १९५४ साली लग्न करून उमादेवी नाडगोंडे झाल्या. पडदा सुटला. लोक याला त्याग म्हणतात. मला नाही पटत. लहानपणापासून तोंडाला रंग लावलेल्या बाईला थांबावंसंही वाटलं असेल की!

२०१५ मध्ये त्या कोल्हापुरातच गेल्या. पण आमच्या पेठेतल्या पोरांना नाव विचारा, माना हलवतील.

शहरातल्या एखाद्या चित्रपट मंडळाने ‘रामशास्त्री’चा खेळ लावावा. जाहिरातीत या दोन मुलांची नावं जागीरदारांच्या शेजारी, त्याच आकारात छापावीत. तिकीट काढून येईन. फुकट पास नको.

– एक वाचक, मंगळवार पेठ, कोल्हापूर