वऱ्हाडातलं ऊन आणि तुझा कॅमेरा

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार. दिवाळीनंतरची कापसाची वेचणी आणि मेमधलं गाव, अशा दोन टप्प्यांत चित्रपटाचं शूटिंग ठरवलंस, फार बरं केलंस. लाइट किती भाड्याने घेऊ, असं विचारलंस. दिवसाच्या कामाला लाइट नको, मांजरपाटाचं जाड सुती कापड घे. आपल्याकडे उजेड आणायचा नसतो, अडवायचा असतो.

मेच्या उत्तरार्धात यवतमाळकडे दुपारी सूर्य थेट डोक्यावर येतो. डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात आणि पुढे कलर ग्रेडिंगमध्ये, म्हणजे नंतर रंग जुळवताना, काही केल्या सुधारत नाहीत. बाहेरचं काम सकाळी ९ च्या आत नि संध्याकाळी साडेचारनंतर ठेव. मध्ये घ्यावंच लागलं तर १२ बाय १२ फुटांच्या चौकटीवर कापड ताण. पण वारा सुटला की ती शिडासारखी उचलली जाते. चारही कोपऱ्यांना दोर बांध, खुंट्या ठोक, खताच्या रिकाम्या पोत्यांत माती भरून बुडाशी टाक. कोरा मांजरपाट पिवळट असतो, तो रंग चेहऱ्यावर उतरतो, म्हणून दोन-तीनदा धुऊन घे. सावलीतल्या माणसामागे उन्हातली चुन्याची भिंत आली की ती जळणारच, म्हणजे नुसती पांढरी दिसणार. मागे कडुनिंब धर, नाहीतर नांगरलेली काळी जमीन.

भर उन्हात आयएसओ (कॅमेऱ्याची संवेदनशीलता) ८००, शटर १/५० सेकंद आणि एफ (लेन्सचं छिद्र) ४ ठेवायचं तर ८ स्टॉप कापावे लागतात (दर स्टॉपला उजेड निम्मा), म्हणजे २.४ चा एनडी, उजेड कमी करणारा गडद फिल्टर. तो इन्फ्रारेडही अडवणारा आयआर-एनडीच माग. साध्या गडद एनडीतून इन्फ्रारेड तसाच आत येतो आणि काळी छत्री तांबूस दिसते.

पऱ्हाटीत, म्हणजे कापसाच्या शेतात, एक्स्पोजर फुटलेल्या बोंडांवर बघ. कापूस एकदा क्लिप झाला, म्हणजे निव्वळ पांढरा झाला, की त्याचे तंतू परत मिळत नाहीत. वेचणारीची पाठ सूर्याकडे ठेव आणि उजेड परतवायला थर्माकोल डोळ्यांच्या पातळीवर, बाजूने धर. खालून धरलास तर चेहरा भेसूर दिसतो.

कवेलूच्या (कौलारू) घरात दिवा आत नेऊ नको. दाराबाहेरच्या रिफ्लेक्टरने ऊन आतल्या मांजरपाटावर टाक, तिथून परतलेला उजेड चेहऱ्यावर येऊ दे. छायालेखक सुब्रत मित्रांनी सत्यजित राय यांच्या १९५६ च्या ‘अपराजितो’मध्ये स्टुडिओत उभारलेल्या बनारसच्या अंगणावर कापड ताणून दिव्यांचा उजेड असाच परतवला होता. आजही तो खरा वाटतो, इतकं ते काम मोठं आहे. फक्त सूर्य दर ४ मिनिटांना एक अंश सरकतो, तेव्हा रिफ्लेक्टरपाशी एक माणूस कायम हवा.

रात्री गावातले बल्ब फ्रेममध्ये असतील तर सेकंदाला २५ फ्रेम आणि शटरचा कोन १८० अंश ठेव. २४ वरच अडलास तर शटर १७२.८ अंश कर, नाहीतर ५० हर्ट्झची वीज फडफडताना दिसेल. स्वस्त एलईडी चेहरा हिरवट करतात. चांगले बल्ब घरून ने.

लेन्स दोनच ने, ३५ आणि ५० मिमी. सगळा चित्रपट त्यांवर केलास तर नजर एकच राहते, आणि शेतात धुळीत लेन्स बदलायची वेळही कमी येते. कॅमेऱ्यावर सतत छत्री हवी, बॅटऱ्या बंद गाडीत ठेवू नको.

घराचं दार कोणत्या दिशेला आहे ते कळव. सकाळी ८ आणि दुपारी १२ चे ओसरीचे फोटो पाठव, म्हणजे कापड किती मीटर लागेल ते सांगतो.

तुझाच,
मित्र