बंड्या, ग्लोव्हचं भांडण अजून मिटलेलं नाही

पुणे, रविवार रात्र

प्रिय बंड्या,

दिवाळीपासून एक ओळ लिहिली नाही, तुझे दोन फोनही घेतले नाहीत. रागाव, पण आधी हे वाच. तब्येत बरी. गुडघा आहे तसाच.

'अ थाउजंड ब्लोज' ही बॉक्सिंगवरची मालिका पाहिली. २०२५ ची, स्टीव्हन नाइटची. पहिल्या सीझनचे सहा भाग. १८८० च्या दशकातलं पूर्व लंडन. सिंह खेळवायचं काम मिळेल म्हणून जमैकाहून आलेला हेझेकाया मॉस्को 'ब्लू कोट बॉय' नावाच्या गुत्त्यात ग्लोव्हशिवाय, उघड्या मुठीने लढायला लागतो. हा माणूस खरा होऊन गेला. त्याच्याशी भिडणारा बॉक्सर शुगर गुडसन आणि चोर बायकांच्या टोळीची म्होरकी मेरी कार, हेही खरेच.

हेझेकायाचं नाव गाजतं, आणि गुत्त्यातली लढत वेस्ट एंडच्या उमरावांपुढे जाते, ग्लोव्ह्ज घालून. तिथे मी थांबलो. आपलंच भांडण की हे! तू म्हणायचास, ग्लोव्ह आला आणि खेळ माणसात आला. मी म्हणायचो, ग्लोव्ह हात वाचवतो, डोकं नाही. वहिनींचा पापडांचा डबा त्याच वादात सांडला होता. माझं मत बदललेलं नाही.

उघडी मूठ कपाळावर बसली की बरेचदा मारणाऱ्याचाच हात मोडतो, करंगळीमागचं तळहाताचं हाड. म्हणून डोक्यावर मारताना माणूस जपायचा. उघड्या मुठीच्या लढतींच्या १८३८ च्या नियमांत कुणी पडला की फेरी संपली; ३० सेकंद विश्रांती, मग ८ सेकंदांत मधल्या रेषेपाशी स्वतःच्या पायांनी यायचं. सुलिव्हन आणि किलरेन हे बॉक्सर १८८९ च्या जुलैत मिसिसिपीत अशा ७५ फेऱ्या लढले. पण त्यातली एखादी फेरी काही सेकंदांतही संपू शकायची. १८६७ च्या क्वीन्सबरी नियमांनी तीन मिनिटांची फेरी, एक मिनिट विश्रांती, पडलेल्याला उठायला दहा आकडे आणि ग्लोव्ह्ज आणले. मूठ झाकली आणि डोक्यावर मारायची भीती गेली. दहाच्या आत उठलास की पुन्हा मार खायला उभा!

आता तुझ्या भाच्याचं. राज्यस्पर्धेतून पदक आणल्यापासून ज्याला त्याला त्याच्याशी स्पारिंग, म्हणजे सरावाची लढत, हवंय, आणि पोरगा कुणाला नाही म्हणत नाही. झोप लागत नाही मला याने. हेझेकायाचंही तेच होतं. रिंगमध्ये समोर एकच असतो, रिंगबाहेर त्याच्यावर हक्क सांगणारे किती! मेरीला तो तिच्या बेतासाठी हवा, उमरावांना करमणुकीसाठी, आणि गुडसनला त्याला पाडायचंय. पोराच्या लढती लोक मोजतात. सरावात डोक्यावर किती ठोसे बसले ते कोण मोजतं?

जोराचं स्पारिंग आठवड्यात एकच दिवस, १६ औंसाच्या ग्लोव्ह्जने. हेडगार्ड आहे ना, असं म्हणू नकोस. भुवई फाटायची वाचते, मेंदूचं हिंदकळणं थांबत नाही. डोकं दुखलं, मळमळलं, मधलं काही आठवेना झालं, की त्या क्षणी सराव बंद आणि डॉक्टर. 'उद्या बघू' चालणार नाही.

ग्लोव्हच्या आत हाताला बांधायची पट्टीही पोरगा चुकीची बांधतो. साडेचार मीटरची घे, आखूड पट्टी मनगटावरच संपते. अंगठ्यात फास, मनगटाला तीन वेढे, बोटांच्या गाठींवर तीन, बोटांमधून तीन फुल्या, अंगठ्याला एक, उरलेली परत मनगटाला. बांधताना बोटं ताठ पसरलेली हवीत. सैल हातावर आवळली तर मूठ वळताच रक्त अडतं, बोटं बधिर होतात. मनगट ढिलं राहिलं तर हुक, म्हणजे बाजूने वळवून ठोसा, मारताना ते मुडपतं.

वहिनींची बदली झाली म्हणे, नवा पत्ता कळव. तुझ्या दातांचं झालं का काही? आईंना नमस्कार.

शनिवारी पोराला घेऊन ये. पट्ट्या घरूनच बांधून आणू देऊ नकोस, माझ्यासमोर बांधू दे.

तुझा,
नाना