ताई, तुम्ही माइक काढून घेतलात

ताई,

परवा गावच्या शाळेत तुमची फिल्म दाखवली. आई सगळ्यांत पुढे, सतरंजीवर ताठ मानेनं बसली होती. तेव्हापासून मन भरून आलंय, म्हणून हे लिहितेय.

२०१९ मध्ये बीडच्या ऊसतोड बायकांच्या गर्भाच्या पिशव्या काढल्याची बातमी फुटली. सरकारी समितीच्या पाहणीत ८२ हजारांपैकी १३ हजारांहून जास्त जणींची पिशवी काढलेली निघाली. माझी आई त्यांच्यासारखीच एक. गावात कॅमेऱ्यांची रीघ लागली. एकांनी आईचा अंगठा इंग्रजी कागदावर घेतला. मुलाखत झाल्यावर आई चुलीपाशी शेजारच्या काकूंना हळूच म्हणाली, "मुकादमाची उचल फिटली नाही, पण औंदा कोयता धरायचं बळ नाही." माइक पदराला तसाच होता. तेवढंच वाक्य नावागावासकट दाखवलं. चौथ्या दिवशी आगाऊ पैसे देऊन मजूर नेणारा तो मुकादम दारात! मी त्या लोकांना फोन केला, तर म्हणाले, अंगठा आहे ना.

त्यामुळे तुम्ही आलात तेव्हा मी तुम्हाला उंबऱ्यातूनच परत लावणार होते.

पहिल्याच दिवशी आई चहा ठेवायला उठली. तुम्ही लगबगीनं पुढे आलात, पदराचा चिमटा सोडवलात, माइकची डबी बंद करून तिला दिसेल अशी फळीवर ठेवलीत. "मावशी, आता काय बोलायचं ते बोला." नंतर प्रत्येक वेळी तेच. मागे मोरीत जायचं असो, मामाचा फोन असो. आई डबीवरचा दिवा विझलेला बघायची, मगच तिचे खांदे सैल पडायचे. टाक्यांची खूण दाखवा, असं तुम्ही एकदाही म्हणाला नाहीत.

फिल्म पुरी व्हायच्या आधी लॅपटॉप घेऊन आलात. आई म्हणाली, "रडलेलं राहू दे, पण पिठाचा रिकामा डबा काढ." मला वाटलं, समजूत घालाल. तुम्ही फक्त मान हलवलीत. परवा मी डोळ्यांत तेल घालून बघितलं. डबा कुठंच नव्हता.

आमच्याकडे येणारे बहुतेक जण दुःख न्यायला येतात. माणूस म्हणून विचारणारं कुणी भेटलं, की आधी विश्वासच बसत नाही. अशी माणसं आहेत, म्हणून आम्ही अजून दार उघडतो.

आई विचारते, ताई कधी येणार? कारखान्याचा बॉयलर पेटायच्या आधी या. नंतर आम्ही ऊसतोडीला, फडावरच्या कोपीत म्हणजे झोपडीत असू.

तुमची,
मावशींची लेक