श्री. की सौ.?

महोदय,

स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीत टीव्हीवरच्या क्रीडा पत्रकारितेतल्या बायकांवर लेख छापलात, आभारी आहे. पण अर्ध्या लेखात मंदिरा बेदीचे ब्लाउज आणि उरलेल्यात मयंती लँगरचा नवरा! लेखकमहाशयांनी मंदिराने सूत्रसंचालन केलेला २००३चा क्रिकेट विश्वचषक बहुधा आवाज बंद करून पाहिला असावा.

मी आवाज लावून पाहिला होता. मंदिरा सुरुवातीला बिचकायची, हे खरे. शेजारी बसलेले माजी खेळाडू तिच्या प्रश्नांची दखलच घेत नसत आणि तिला रडू यायचे, हे तिनेच पुढे मुलाखतींत सांगितले आहे. तरी टिकली. २००७च्या विश्वचषकातही होती. २००३च्या जोहान्सबर्गच्या फायनलमध्ये आपल्या गोलंदाजांनी ३५९ धावा दिल्या. त्यांच्या कपड्यांवर कुणी बोलल्याचे मला आठवत नाही.

मयंतीचेही तेच. २०१६ला फ्लोरिडात तिचा नवरा स्टुअर्ट बिन्नी याने एका षटकात ३२ धावा दिल्या, भारत एका धावेने हरला आणि लोक सोशल मीडियावर तुटून पडले ते बायकोवर. तो भारताकडून खेळायच्या कितीतरी आधी, २०१०ला, ती फुटबॉल विश्वचषकाचे कार्यक्रम करत होती. लेखात हे एका ओळीत उरकले आहे. चंद्रा नायडूंना तर तीही ओळ नाही. भारताचे पहिले कसोटी कर्णधार सी. के. नायडूंची ही लेक १९७७ला इंदूरमध्ये मुंबई विरुद्ध एमसीसी (इंग्लंडचा दौऱ्यावर आलेला संघ) सामन्यात समालोचनासाठी माइकसमोर बसली होती. मंदिराच्या सव्वीस वर्षे आधी.

मला एवढा राग का यावा, तेही सांगते. ऐंशीच्या दशकात मी एका दैनिकाची तालुका वार्ताहर होते. कबड्डी, खो-खो, मॅटवरचे क्रिकेट, सगळे लिहायची. बातमीवर नाव म्हणजे आद्याक्षर आणि आडनाव. त्यामुळे वाचकांची पत्रे 'श्री.' म्हणून यायची. एका मंडळाने कबड्डी स्पर्धेच्या बक्षीस समारंभाला सत्कारासाठी बोलावले. पत्रिकेवर शाईने लिहिलेले, 'सपत्नीक उपस्थित राहावे'. मी ह्यांना घेऊन गेले. हार ह्यांच्या गळ्यात, शाल ह्यांच्या खांद्यावर, श्रीफळ ह्यांच्या हातात. मला खाली बायकांत बसवून हळदीकुंकू लावले. ह्यांना चढाई कुठली आणि पकड कुठली, हेही कळत नसे. दोन शब्द बोला म्हटल्यावर उठून म्हणाले, "बातम्या ही लिहिते, मी फक्त पाकीट एसटीच्या कंडक्टरकडे देतो." मांडव हसून लोटपोट. काय विनोदी गृहस्थ आहेत, असे अध्यक्ष मला म्हणाले. शाल अजून कपाटात आहे, कसर लागलेली.

आणि एक, विषय निघालाच आहे म्हणून. तुमच्या क्रीडा पानावरचा धावफलक आता भिंगाशिवाय दिसत नाही. महिलांच्या सामन्यांचा तर पूर्ण येतच नाही, फक्त निकाल. परवा त्या जागी गाद्यांच्या सेलची जाहिरात होती. बळी कुणी घेतले, हे वाचायला आम्ही कुठे जायचे?

नाव-पत्ता वेगळ्या चिठ्ठीत दिला आहे. छापायचे असेल तर पूर्ण नाव छापा. आद्याक्षर नको.

आपली,
एक जुनी वाचक