राष्ट्रप्रमुखापर्यंत विरोधी मत पोहोचते का?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

अमेरिकेच्या अध्यक्षांच्या कारभाराविषयी अलीकडे वृत्तपत्रांतून बरेच लिहून येते. अध्यक्ष किती झटपट निर्णय घेतात, किती खंबीर आहेत आणि कोणत्या सल्लागाराला त्यांनी घरी बसवले, याकडेच त्यातील बहुतेक लेखनाचा रोख असतो. मी नागपूर खंडपीठात वकिली करतो. दुसरी बाजू ऐकल्याशिवाय निकाल देऊ नये, हा आमच्या व्यवसायातला पहिला धडा. राष्ट्रप्रमुखाच्या निर्णयाची पारखही याच कसोटीवर व्हायला हवी, असे मला मनापासून वाटते. सल्लागार किती विद्वान होते, याला माझ्या लेखी दुय्यम महत्त्व आहे. विरोधी मत निर्णयाआधी त्याच खोलीत मांडले गेले का आणि मांडणाऱ्याचे म्हणणे पुरते ऐकून घेतले गेले का, हे आधी पाहिले पाहिजे.

जॉन केनेडी यांच्या कारकिर्दीत याचे दोन्ही नमुने दीड वर्षाच्या अंतराने सापडतात. एप्रिल १९६१ मध्ये सुमारे १,४०० निर्वासित क्युबन सैनिकांना क्युबातील बे ऑफ पिग्जच्या किनाऱ्यावर उतरवण्याचा बेत सीआयए या अमेरिकी गुप्तहेर संस्थेने आखला आणि त्याच्या यशाची ग्वाहीही सीआयएच देत होती. त्याच संस्थेतील विश्लेषण विभागाला मात्र या बेतापासून दूर ठेवण्यात आले होते. ४ एप्रिलच्या बैठकीत सिनेटर विल्यम फुलब्राइट यांनी बेताला उघड विरोध केला, पण त्यानंतर केनेडींनी उपस्थितांपैकी एकेकाला मत विचारले तेव्हा बहुतेकांनी होकारच दिला. अध्यक्षांचे साहाय्यक आर्थर श्लेसिंजर यांनी आपला विरोध लेखी कळवला होता. बैठकांमध्ये मात्र ते गप्प राहिले आणि त्याची खंत त्यांनी पुढे स्वतःच नोंदवली. मोहीम तीन दिवसांत कोसळली.

ऑक्टोबर १९६२ मध्ये क्युबात सोव्हिएत क्षेपणास्त्रे आढळली, तेव्हा सल्लागारांपैकी अनेक जण तेच होते, पण कामाची रीत बदललेली होती. पहिल्या दिवशी, १६ ऑक्टोबरला, कल हवाई हल्ल्याकडे होता आणि केनेडींचाही तोच होता. पुढच्या दिवसांत काही बैठकांपासून ते मुद्दाम दूर राहिले, कारण अध्यक्ष समोर बसलेले असले की त्यांचा कल पाहूनच माणसे बोलू लागतात. सल्लागारांचे गट करण्यात आले. एकाने हल्ल्याचा, तर दुसऱ्याने सागरी नाकेबंदीचा मसुदा तयार केला आणि मग मसुद्यांची अदलाबदल करून त्यांनी एकमेकांच्या चुका काढल्या. २१ ऑक्टोबरला केनेडींनी हवाई दलाचे जनरल वॉल्टर स्वीनी यांना थेट विचारले, की एका हल्ल्यात सगळी क्षेपणास्त्रे नष्ट होतील का. तशी खात्री देता येणार नाही, असे उत्तर मिळाले. २७ ऑक्टोबर हा सर्वांत कठीण दिवस. वाटाघाटींनी क्षेपणास्त्रे हलतील असे वाटत नाही, असे खुद्द केनेडी म्हणाले, तेव्हा मॉस्कोत राजदूत राहिलेले आणि सोव्हिएत नेते ख्रुश्चॉव्ह यांना जवळून ओळखणारे लेवेलिन थॉम्पसन यांनी त्यांना तोंडावर सांगितले, की मला हे मान्य नाही, अजून संधी आहे. अण्वस्त्रांच्या सावटाखालच्या त्या बैठकीत एका अधिकाऱ्याला असे बोलता आले आणि अध्यक्षांनी ते ऐकून घेतले, याचे मोल मला फार वाटते. तुर्कस्तानातील अमेरिकी क्षेपणास्त्रे काढून घेऊ, हे सोव्हिएत संघाला द्यायचे गुप्त आश्वासन मात्र त्याच संध्याकाळी मोजक्या जणांत ठरले आणि सल्लागारांपैकी इतरांना ते कळू दिले नाही, हेही इथे नोंदवले पाहिजे.

अर्थात नुसते ऐकून घेणे पुरत नाही. केनेडींनंतरचे अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी व्हिएतनामप्रश्नी परराष्ट्र खात्यातील वरिष्ठ अधिकारी जॉर्ज बॉल यांचा विरोध १९६५ मध्ये वाचला, त्यावर चर्चाही केली, आणि सैन्य वाढवत नेले. विरोध करणे ही बॉल यांची ठरलेली भूमिका मानली गेली आणि मग त्या विरोधाची धारच गेली.

आपल्या राष्ट्रपतींचे स्थान वेगळे आहे. त्यांनी मंत्रिमंडळाच्या सल्ल्यानुसार वागावे हे ४२ व्या घटनादुरुस्तीने स्पष्ट शब्दांत लिहिले गेले आणि ४४ व्या दुरुस्तीने तो सल्ला एकदा फेरविचारासाठी परत पाठवण्याचा अधिकार त्यांना मिळाला. म्हणजे अमेरिकेत अध्यक्षाला विरोधी मत ऐकवणारा सल्लागार लागतो, तर आपल्याकडे सल्ला देणाऱ्या मंत्रिमंडळाला दुसरी बाजू दाखवण्याचे काम राष्ट्रपतींकडे येते. २५ जून १९७५ च्या रात्री फक्रुद्दीन अली अहमद यांच्यापुढे आणीबाणीचा कागद आला, तेव्हा मंत्रिमंडळाची बैठकही झालेली नव्हती. ती दुसऱ्या दिवशी पहाटे झाली. सही त्याआधीच झाली होती. मे २००५ मध्ये मॉस्कोच्या दौऱ्यावर असलेल्या डॉ. कलाम यांनी बिहार विधानसभेच्या विसर्जनावर अशीच रात्री सही केली आणि पुढे सर्वोच्च न्यायालयाने ते विसर्जन घटनाबाह्य ठरवले. डॉ. कलाम यांच्याविषयी माझ्या मनात नितांत आदर आहे आणि म्हणूनच, तो कागद त्या रात्री परत गेला असता तर, हा विचार मनातून जात नाही.

उलट के. आर. नारायणन यांनी ऑक्टोबर १९९७ मध्ये उत्तर प्रदेशातील राष्ट्रपती राजवटीची शिफारस परत पाठवली आणि गुजराल मंत्रिमंडळाने तिचा आग्रह सोडला. १९९८ मध्ये बिहारबाबतही त्यांनी तेच केले. फेब्रुवारी १९९९ मध्ये शिफारस दुसऱ्यांदा आल्यावर सही करणे त्यांना भागच होते, पण राज्यसभेत बहुमत नसल्यामुळे सरकारला महिन्याभरातच ती राजवट मागे घ्यावी लागली. दोन्ही वेळी केंद्रातील सरकारे वेगवेगळ्या पक्षांची होती, हे महत्त्वाचे आहे.

थॉम्पसन काय बोलले हे आपल्याला कळते, कारण त्या बैठकांचे ध्वनिमुद्रण पुढे खुले झाले. आपल्याकडे राष्ट्रपतींनी सही करण्यापूर्वी शंका विचारल्या का, हे बहुधा कधीच कळत नाही. अनुच्छेद ७४(२) मंत्रिमंडळाने काय सल्ला दिला याची चौकशी करण्यास न्यायालयांना मनाई करतो. राष्ट्रपती भवनाने ठरावीक काळानंतर हा पत्रव्यवहार स्वतःहून खुला करण्याला त्याची आडकाठी नाही. ज्या सामग्रीच्या आधारे सल्ला दिला गेला ती न्यायालयाला तपासता येते, असे राष्ट्रपती राजवटीविषयीच्या बोम्मई खटल्यात १९९४ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. निदान राष्ट्रपती राजवट आणि वटहुकूम या दोन बाबतींतील पत्रव्यवहार वीस वर्षांनी जनतेपुढे यावा, या मागणीचा पाठपुरावा आपल्या वृत्तपत्राने करावा, अशी माझी विनंती आहे.

आपला,
एक वकील वाचक
धरमपेठ, नागपूर